अभिनेत्री, मग संकलक, मग स्वतःच्याच आयुष्याची संकलक : लेनी रीफेनश्टाल आणि साधनं तपासण्याची गोष्ट

मराठीत 'संकलन' हा शब्द दोन ठिकाणी हमखास भेटतो. एक, प्रबंधाच्या आराखड्यात : 'माहिती संकलनाच्या पद्धती'. दुसरा, सिनेमाच्या श्रेयनामावलीत : 'संकलन : अमुक तमुक'. शब्द एकच, पण कामं जवळजवळ उलटी. आपण संकलन म्हणजे गोळा करणं समजतो. सिनेमाचा संकलक मात्र गोळा झालेल्या ढिगातून फेकून देण्याचं काम करतो, आणि जे उरतं ते असं जोडतो की फेकलेल्याची आठवणही येऊ नये.

संशोधनातही ही दोन्ही कामं असतात, फक्त दुसऱ्याबद्दल आपण फारसं बोलत नाही. लॅबमध्ये मायक्रोस्कोपखाली दोनशे फोटो काढले जातात, पेपरात एक जातो आणि त्याखाली 'प्रातिनिधिक प्रतिमा' असं लिहिलेलं असतं. बाकीचे १९९ कुठे गेले? त्या हार्ड डिस्कवर कुणाचा ताबा आहे? सिनॉप्सिस लिहायच्या तयारीत असाल तर हा प्रश्न मनात ठेवून पुढचं वाचा. मी विज्ञानाचा विद्यार्थी, पण साधनं कशी तपासायची याचं मला सापडलेलं सगळ्यात चांगलं उदाहरण जर्मन सिनेमाच्या इतिहासातलं आहे.

लेनी रीफेनश्टाल. जन्म २२ ऑगस्ट १९०२, बर्लिन. मृत्यू सप्टेंबर २००३, वयाच्या १०१ व्या वर्षी. आज तिची ओळख नाझी प्रचारपटांची दिग्दर्शिका अशी आहे आणि ती बरोबरच आहे. पण सुरुवात तिने पडद्यावरची नटी म्हणून केली, त्याआधी ती नर्तकी होती. नटीपासून संकलकाच्या टेबलापर्यंतचा प्रवास नीट पाहिला तर पुढचं बरंच काही उलगडतं.

गुडघ्याच्या दुखापतीमुळे नाच थांबला होता. त्या काळात तिने आर्नोल्ड फांक या दिग्दर्शकाचा पर्वतपट पाहिला आणि त्याच्याबरोबर काम करायचंच असं ठरवलं. हा फांक म्हणजे आपल्यातलाच माणूस. शिक्षणाने भूगर्भशास्त्रज्ञ, त्यात डॉक्टरेट केलेला, आणि मग डोंगर आणि कॅमेरा यांच्या नादी लागलेला. (डॉक्टरेटनंतर माणूस काय काय करू शकतो, हे घरच्यांना सांगायला उपयोगी पडेल.) तो स्टुडिओत कागदी डोंगर उभे करत नसे. खऱ्या आल्प्समध्ये, खऱ्या बर्फात चित्रण करायचा. 'देअर हायलिगे बेर्ग' (१९२६) मध्ये रीफेनश्टाल पहिल्यांदा त्याची नायिका झाली. पुढे १९२९ मध्ये 'पिझ पाल्यू'वरचा प्रसिद्ध पर्वतपट आला, त्यात फांकबरोबर गेऑर्ग विल्हेल्म पाब्स्ट सहदिग्दर्शक होता. मग 'मों ब्लांवरची वादळं' (१९३०), आणि ग्रीनलँडला जाऊन केलेला 'एस.ओ.एस. आइसबेर्ग' (१९३३).

या सिनेमांत तिचं काम साधारण एकाच छापाचं आहे : कडे चढणारी, वादळात अडकणारी, दोन पुरुषांच्या मधली तरुणी. अभिनय म्हणून मला ते फार थोर वाटत नाही. पण फांकचं चित्रीकरण म्हणजे शाळाच होती. सेप आल्गायर, हान्स श्नेबर्गर यांच्यासारखे कॅमेरामन त्याच्याच हाताखाली तयार झाले. फिल्टर कोणता, लेन्स कोणती, ढगांमागून ऊन यायची वाट किती वेळ पाहायची हे ती तिथे शिकली. आणि फांकच्या संकलनाच्या टेबलावर तिला आणखी एक गोष्ट कळली : डोंगरावरून घसरत येणाऱ्या स्कीअरचा वेग अर्धा डोंगरावर असतो आणि अर्धा कात्रीत. पट्टी कुठे कापली, पुढची हालचाल कुठल्या दिशेने सुरू झाली, यावर प्रेक्षकाचा श्वास अडकणं अवलंबून असतं.

१९३२ मध्ये 'दास ब्लाउए लिख्ट' म्हणजे 'निळा प्रकाश' आला. त्यात ती नायिका होती आणि दिग्दर्शकही. आपल्या कामाचा खरा मुद्दा इथे सुरू होतो.

या सिनेमाची पटकथा लिहिण्यात आणि चित्रीकरणात बेला बालाझ याचा मोठा वाटा होता. बालाझ हंगेरियन, ज्यू, डाव्या विचारांचा, आणि सिनेमाच्या सिद्धांतावर अगदी सुरुवातीला पुस्तक लिहिणाऱ्यांपैकी एक. रीफेनश्टाल कॅमेऱ्यासमोर असायची तेव्हा दृश्यं बसवायला तो मदत करत असे. निर्माता हॅरी सोकाल, तोही ज्यू वंशाचा. मूळ श्रेयनामावलीत ही नावं होती. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. बालाझ तोवर मॉस्कोत होता आणि त्याचे पैसे थकले होते. डिसेंबर १९३३ मध्ये रीफेनश्टालने बर्लिनच्या कैसरहोफ हॉटेलच्या कागदावर एक मुखत्यारपत्र लिहून दिलं. 'ज्यू बेला बालाझ'च्या आपल्यावरील दाव्यांची बाब तिने त्यात युलिउस श्ट्रायखरवर सोपवली. श्ट्रायखर कोण? 'देअर श्ट्युर्मर' या अत्यंत ज्यूद्वेष्ट्या पत्राचा संपादक. १९३८ मध्ये सिनेमा पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा ज्यू सहकाऱ्यांची नावं गायब होती.

याच सिनेमाबद्दल दुसरा वाद संकलनाचा आहे. पहिलं संकलन मनासारखं झालं नाही म्हणून तिने ते फांकला दाखवलं. फांकने ते बदललं. तिच्या म्हणण्याप्रमाणे त्याने सिनेमाची वाट लावली आणि तिला सगळं पुन्हा जुळवावं लागलं. फांकच्या बाजूने पाहिलं तर सिनेमा त्याच्यामुळे वाचला. दोघांपैकी कोण खरं? ठरवायचं तर त्या वेळच्या पट्ट्या हव्यात. आणि गंमत अशी की पुढे कित्येक वर्षं लोकांनी जी प्रत पाहिली ती मुळात १९३२ ची नाहीच. युद्धानंतर, १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला, रीफेनश्टालने स्वतः पुन्हा जुळवलेली, नवा ध्वनी असलेली प्रत ती होती. म्हणजे '१९३२ च्या सिनेमातलं संकलन बघा' असं कुणी लिहीत असेल तर पहिला प्रश्न हा : तुम्ही पाहिलेली प्रत कुठल्या साली जुळवलेली?

आपल्याकडे पेपर वाचताना आपण असं विचारतो का? प्रीप्रिंट, दुरुस्त आवृत्ती, छापील आवृत्ती या तिन्हींत आकडे वेगळे असू शकतात. संदर्भ देताना कुठली आवृत्ती वाचली ते लिहायचं, ही सवय आत्ताच लावून घ्या.

आता तो कुप्रसिद्ध काळ. १९३३ च्या न्युर्नबर्ग मेळाव्यावर तिने 'श्रद्धेचा विजय' हा माहितीपट केला. त्यात हिटलरच्या शेजारी एर्न्स्ट र्‍योम ठळकपणे दिसतो. ३० जून १९३४ नंतर हिटलरच्याच हुकुमाने र्‍योमला ठार मारण्यात आलं आणि सिनेमा अडचणीचा झाला. प्रती काढून घेतल्या गेल्या, नष्ट केल्या गेल्या. अनेक दशकं तो हरवलेलाच मानला जात होता. १९८० च्या दशकात एक प्रत उजेडात आली. नंतरच्या काळात रीफेनश्टाल हा सिनेमा किरकोळ असल्यासारखं बोलत असे. प्रत सापडल्यावर कळलं की पुढच्या सिनेमाचा बराचसा कच्चा आराखडा त्यातच आहे. फक्त इथे माणसं गोंधळतात, रांगा विस्कटतात. प्रचार अजून गुळगुळीत व्हायचा होता.

तो गुळगुळीत झाला 'ट्रिउम्फ देस विलेन्स' मध्ये. सप्टेंबर १९३४ चा मेळावा, सुमारे ६० तासांचं चित्रण, त्यातून दोन तासांहून थोडा कमी सिनेमा, प्रदर्शन मार्च १९३५. ध्वजस्तंभाला छोटी लिफ्ट लावून कॅमेरामन वर-खाली नेला जात होता. सिनेमा बारकाईने पाहिलात तर ती लिफ्ट दिसतेही. संकलनाच्या टेबलावर तिने कित्येक महिने काढले. मेळाव्याचे दिवस आटोपशीर करण्यात आले, घटनांचा खरा क्रम बदलण्यात आला, भाषणांचे तुकडे झाले. हिटलर बघतो, गर्दी बघते, पुन्हा हिटलर. एकाची नजर जिथे संपते तिथे दुसऱ्याची सुरू होते. दोन्ही शॉट एकाच क्षणी घेतलेले असण्याची काहीच गरज नव्हती. फांकच्या स्कीअरसाठी वापरलेली कात्रीच इथे माणसांच्या समुदायावर चालली.

युद्धानंतर ती आयुष्यभर सांगत राहिली की मी फक्त जे घडलं ते टिपलं, हा निव्वळ दस्तऐवज आहे. हे विधान कसं तपासायचं? सोबत तीन साधनं ठेवून बघू.

पहिलं, १९३५ मध्ये तिच्याच नावाने निघालेलं, या सिनेमाच्या पडद्यामागची हकिकत सांगणारं पुस्तक. मेळाव्याची तयारी आणि चित्रीकरणाची तयारी हातात हात घालून झाली असं त्यात अभिमानाने म्हटलं आहे. युद्धानंतर ही ओळ अडचणीची ठरली. तेव्हा तिने सांगितलं की ते पुस्तक मी लिहिलंच नाही, एर्न्स्ट येगर या पत्रकाराने लिहिलं. असेलही. पण १९३५ मध्ये त्यावर नाव तिचं होतं, आणि तेव्हा तिने तक्रार केलेली नव्हती.

दुसरं, आल्बर्ट श्पेअरच्या आठवणी (१९६९). काही पुढाऱ्यांच्या भाषणांचं चित्रण खराब निघालं म्हणून बर्लिनच्या स्टुडिओत सभागृहाचा देखावा उभारून ती पुन्हा घेतली गेली, असं तो लिहितो. हिटलर समोर नसताना हेस नेमक्या त्याच आवेशात बोलला हे पाहून आपण चकित झालो, असंही. रीफेनश्टालने ते नाकारलं. आता इथे घाई करू नका. श्पेअर हा काही निर्मळ साक्षीदार नाही. हिटलरचा वास्तुविशारद आणि मंत्री, वीस वर्षं तुरुंगात काढून आलेला, स्वतःची 'सभ्य नाझी' ही प्रतिमा याच पुस्तकातून उभी करणारा. पण या ठरावीक तपशिलात खोटं बोलून त्याला काय मिळणार होतं? फारसं काही नाही. म्हणून माझ्या मते या मुद्द्यापुरता त्याचा शब्द तिच्या शब्दापेक्षा जड आहे. साक्षीदार एकूण विश्वासार्ह आहे का, एवढंच विचारून भागत नाही. या एका वाक्यात त्याचा स्वार्थ कुठे आहे, ते पाहावं लागतं.

तिसरं साधन म्हणजे गोबेल्सची रोजनिशी. आठवणींत रीफेनश्टाल गोबेल्सला स्वतःचा शत्रू म्हणून रंगवते. त्याच्या १९३३ च्या नोंदींत मात्र ती वारंवार आणि सलोख्याने भेटते, सिनेमाच्या योजनांसह. रोजनिशी लिहिणारा थोर माणूस नव्हता, हे वेगळं सांगायला नको. पण त्या नोंदी त्या-त्या दिवशी लिहिलेल्या आहेत, तिच्या आठवणी १९८७ मधल्या. मधली ५४ वर्षं हा काही छोटा फरक नाही.

'ओलिम्पिया' बद्दल थोडं सांगतो, कारण तो कारागिरी म्हणून सगळ्यात चांगला आहे आणि म्हणूनच फसवा. १९३६ चं बर्लिन ऑलिंपिक. आपल्याकडे हे ऑलिंपिक ध्यानचंद यांच्या संघाने अंतिम सामन्यात जर्मनीला ८-१ ने हरवलं म्हणून लक्षात आहे. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथकही तेव्हा बर्लिनला जाऊन देशी खेळांची प्रात्यक्षिकं दाखवून आलं होतं. रीफेनश्टालकडे सुमारे चारशे किलोमीटर लांबीची फिल्म जमा झाली. ती पाहायलाच महिने गेले, आणि दोन भागांचा सिनेमा २० एप्रिल १९३८ ला, म्हणजे हिटलरच्या वाढदिवशी, पडद्यावर आला. शेवटाकडचं सूर मारण्याचं दृश्य मिळालं तर जरूर पाहा. सुरुवातीला कोण कुठल्या देशाचा, किती चांगला सूर, असं सगळं समजत असतं. हळूहळू नावं जातात, मग पाणीही जातं, आणि शेवटी संध्याकाळच्या ढगांवर नुसत्या काळ्या आकृत्या तरंगत राहतात. खेळाचा निकाल कुठे हरवला ते कळतही नाही.

बांबूउडीची अंतिम फेरी अंधार पडेपर्यंत लांबली आणि चित्रण नीट मिळालं नाही. दुसऱ्या दिवशी खेळाडूंना बोलावून त्या उड्या पुन्हा मारायला लावल्या. हे तिनेच पुढे सांगितलं आहे. (त्याच स्पर्धेतल्या निशिदा आणि ओए या जपानी खेळाडूंनी नंतर आपापलं रौप्य आणि कांस्य पदक अर्धं कापून एकमेकांना जोडून घेतलं. हे असलं संकलन मला जास्त आवडतं.)

पैशांचं काय? तिचं म्हणणं होतं की 'ओलिम्पिया' ही तिच्या स्वतंत्र कंपनीची निर्मिती. जर्मन सरकारी दफ्तरातले १९३६ चे कागद वेगळं सांगतात. पैसा प्रचार मंत्रालयाकडून येत होता, आणि राज्याला उघडपणे निर्माता म्हणून दिसायचं नाही यासाठीच कंपनी काढली गेली, असं तिथे स्पष्ट लिहिलं आहे. हा कागद प्रेक्षकांसाठी लिहिलेला नव्हता. कंपनीची नोंदणी करून घ्यायची, एवढंच त्याचं काम. म्हणून तो मोलाचा. आपल्या विषयातही जाहीर मुलाखतीपेक्षा खरेदीची पावती, लॉगबुक, उपकरणाच्या दुरुस्तीची नोंद यांत जास्त खरं सापडतं.

इथपर्यंत प्रकरण श्रेय, पैसा आणि प्रचाराचं होतं. 'टीफलांट' मध्ये ते माणसांच्या जिवाचं होतं.

१९४० मध्ये तिने या सिनेमाचं चित्रण सुरू केलं, आणि नायिकेच्या भूमिकेत ती स्वतः परतली. कथा स्पेनमधली, त्यामुळे गावकरी 'दक्षिणेकडचे' दिसायला हवे होते. त्यासाठी साल्झबुर्गजवळच्या माक्सग्लान आणि नंतर बर्लिनच्या मार्त्सान या छावण्यांतून सिंती आणि रोमा लोक आणले गेले. शंभराहून जास्त, त्यांत अनेक लहान मुलं. मोबदला त्यांच्या हातात पडला नाही. चित्रण झालं, माणसं छावणीत परत गेली आणि त्यांच्यापैकी बऱ्याच जणांची रवानगी पुढे आउश्विट्झला झाली. सिनेमा १९५४ मध्ये प्रदर्शित झाला.

१९४९ मध्ये एका साप्ताहिकाने हे छापलं. तिने दावा लावला आणि जिंकला. १९८० च्या दशकात नीना ग्लाडित्झ या दिग्दर्शिकेने वाचलेल्या लोकांना कॅमेऱ्यासमोर आणलं. रीफेनश्टाल पुन्हा कोर्टात गेली. या वेळी कोर्टाने बहुतेक विधानं ग्राह्य धरली, तरी या लोकांना पुढे आउश्विट्झला पाठवणार हे तिला माहीत होतं, एवढा दावा सिद्ध झाला नाही म्हणून तो दाखवायला मनाई केली. बाकी फिल्म योग्य असूनही ती बराच काळ लोकांपर्यंत पोचलीच नाही. २००२ मध्ये, शंभराव्या वाढदिवसाच्या सुमारास, रीफेनश्टालने मुलाखतीत सांगितलं की ते सगळे जण युद्धानंतर भेटले, कुणाला काही झालं नाही. कोलोनच्या रोमा संघटनेने कायदेशीर कारवाई केली, आणि असं पुन्हा म्हणणार नाही हे तिला लिहून द्यावं लागलं.

'कोर्टात जिंकली' या दोन शब्दांवर किती लेख उभे आहेत ते शोधून पाहा. कोर्ट ठरवतं ते त्याच्यासमोर त्या दिवशी आलेल्या पुराव्यावर. १९४९ मध्ये वाचलेल्या रोमा माणसाच्या साक्षीला जर्मन समाजात किती वजन होतं, हा वेगळाच संशोधनाचा विषय आहे.

१९७० च्या दशकात सुदानमधल्या नुबा लोकांच्या छायाचित्रांचं तिचं पुस्तक गाजलं. तेव्हा सुझन सोंटॅगने एक साधी गोष्ट केली : पुस्तकाच्या वेष्टनावरचा लेखिकेचा परिचय ओळीओळीने तपासला आणि नाझी काळ त्यात कसा झाकला आहे ते दाखवलं. आपण ज्याला 'लेखकाविषयी' म्हणून उडवून देतो, तेच तिने साधन मानलं.

तिच्या मागे राहिलेल्या कागदांचे सुमारे सातशे खोके २०१८ मध्ये बर्लिनच्या प्रशियन सांस्कृतिक वारसा प्रतिष्ठानकडे आले : आठवणींचे कच्चे खर्डे, पत्रं, फोटो, टेलिफोनवरच्या बोलण्याच्या ध्वनिफिती. आंद्रेस फायल याने त्यांवर 'रीफेनश्टाल' हा माहितीपट केला, तो २०२४ मध्ये व्हेनिसला दाखवला गेला. कच्चा खर्डा आणि छापलेल्या आठवणी शेजारी ठेवता आल्या की काय कापलं ते दिसायला लागतं. फक्त हे खोके भरणारीही तीच होती. काय ठेवायचं आणि काय नाही, यावर आधी दशकानुदशकं तिचाच ताबा होता. म्हणून 'टीफलांट' साठी त्या सातशे खोक्यांपेक्षा ऑस्ट्रियातल्या आणि जर्मनीतल्या सरकारी अभिलेखागारांत मिळालेल्या याद्या जास्त कामाच्या ठरल्या : कोणाला, कुठल्या छावणीतून आणलं. त्या याद्या तिच्या टेबलावर कधी आल्याच नव्हत्या.